हरेशशेठची एकट्याची दुहेरी

सुकापूरच्या हरेशला लहानपणापासून एकच खोड होती, टाळ्या ऐकण्याची. त्याचे वडील दाजी यांनी जमिनीचे पैसे आल्यावर आधी बिल्डिंग उठवली, मग गळ्यात साखळी घातली आणि उरलेल्या उत्साहात पोराला बॅडमिंटनच्या क्लासला घातलं. तिथे नवीन पनवेलच्या निनादशी त्याची जोडी जमली. निनादचे वडील नोकरदार, घर सोसायटीतलं, आणि बोलणं इतकं कमी की हरेशला तो फारच आवडला.

निनाद नेटजवळ उभा राहून शटल अशा जागी ठेवायचा, की समोरच्याला ते वर उचलण्यावाचून गत्यंतर नसायचं. मग मागून हरेश उडी मारून स्मॅश ठोकायचा. टाळ्या अर्थातच ठोकणाऱ्याला. निनादने काय केलं ते कळायला खेळ बघावा लागतो, आणि सुकापूरची मंडळी हरेशला बघायला येत. अपवाद एकच, हरेशची आई भामा. ती खेळ बघायची.

खेळ हाच धंदा करायचा असं दोघांनी ठरवलं. गावोगावच्या स्पर्धा, मिळेल ते बक्षीस, दुखरे गुडघे, असं करत करत एकदाचं त्यांनी पुरुष दुहेरीचं राज्य अजिंक्यपद मारलं. पुढे राष्ट्रीय स्पर्धा होती. तिथे जोडी चमकली तर भारतीय संघाच्या शिबिराचं बोलावणं येणार होतं. हरेशला आयुष्यात दुसरं काही नको होतं, आणि ते जोडीलाच मिळणार होतं.

पण आपल्याकडे माणूस जिंकला हे फ्लेक्स लागेपर्यंत खरं मानत नाहीत. दाजींनी नाक्यावर दुमजली फ्लेक्स सांगितला. मधोमध हरेश, हवेत. वर नेतेमंडळी. खाली शुभेच्छुकांची रांग, सगळे गॉगल लावून, त्यात दाजींच्या मेव्हण्याचा तान्हा नातूसुद्धा. डिझाइन मोबाइलवर आलं तेव्हा भामाने विचारलं, "त्या निनादचा फोटो कुटं हाय?"

"जागा नाय राह्यली," दाजी म्हणाले. "आनि तो काय आपल्या गावचा हाय?"

हरेशला बोलता आलं असतं. पण हवेतला स्वतःचा फोटो त्याला इतका पसंत पडला, की त्याने अंगठा पाठवून दिला.

सत्काराच्या दिवशी निनाद स्कूटरवर आला, फ्लेक्सखाली थांबला आणि तान्ह्या नातवापर्यंत सगळा वाचून काढला. मांडवात त्याला मागची प्लॅस्टिकची खुर्ची मिळाली. हरेशला फेटा, शाल, तलवार. शेवटी निवेदकाने "हरेशशेठचे मित्रही आलेले आहेत" असं म्हणून निनादच्या हातात नारळ दिला. निनाद हसला. हरेशने दुसरीकडे बघितलं.

मग दाजींनी प्रदर्शनीय सामना ठेवला होता. क्लासातली दोन कोवळी पोरं समोर आणि राज्यविजेते अलीकडे. पहिलं शटल नेटवर आलं. निनादने रॅकेट काखोटीला मारली आणि अदबीने बाजूला झाला. दुसऱ्याला तेच. हरेश मागून पुढे, पुढून मागे धावत सुटला, फेटा कपाळावर घसरला. गावाला वाटलं ही काहीतरी गंमत आहे, म्हणून लोकांनी टाळ्या वाजवल्या. पोरांनी राज्यविजेत्यांना धुऊन काढलं.

"काय चाललंय तुझं?" हरेशने धापा टाकत विचारलं.

"फ्लेक्सवर जेवढा आहे, तेवढाच खेळलो," निनाद म्हणाला. नारळ त्याने भामाच्या हातात ठेवला, तिच्या पाया पडला आणि गेला.

हरेश रात्रभर जळफळला. सकाळी मात्र त्याला लाज वाटली, खरीखुरी. माफी मागायला तो सोसायटीत जायला निघाला. पण दाजींना नुसती तोंडी माफी म्हणजे कंजुषी वाटत होती. हरेश पोचण्याआधीच निनादच्या गेटवर नवा फ्लेक्स चढला होता, 'हरेशशेठ यांचे विश्वासू सहकारी' असा, आणि यावेळी निनादचा फोटो होता. शुभेच्छुकांच्या रांगेत.

निनादने दार उघडलं, चहा दिला आणि सांगितलं की राष्ट्रीय स्पर्धेसाठी त्याने ठाण्याच्या देवेशबरोबर नाव दिलं आहे. चहा चांगला होता, त्यामुळे भांडायलाही काही जागा उरली नाही.

हरेश एकेरीत खेळला आणि पहिल्याच फेरीत आपटला. नेटजवळ पडलेल्या प्रत्येक शटलकडे तो आधी सवयीने बघत राहायचा, आणि मग धावायचा. निनाद-देवेशला शिबिराचं बोलावणं आलं.

सुकापूरला फ्लेक्स लागायचा थांबत नाही. 'राष्ट्रीय स्पर्धेत सहभाग' हेही कारण पुरतं. यावेळी हरेश स्वतः छपाईवाल्याकडे जाऊन बसला. स्वतःचा फोटो त्याने डावीकडे सरकवला, उभा, दोन्ही पाय जमिनीवर. उजवी अर्धी बाजू कोरी ठेवायला सांगितली. कशासाठी ते छपाईवाल्याने विचारलं नाही, आणि हरेशला सांगताही आलं नसतं. गेटवरच्या त्या फ्लेक्सनंतर पहिल्यांदाच त्याला थोडं हलकं वाटलं.

दुसऱ्या दिवशी तो आईला घेऊन नाक्यावर गेला. कोऱ्या बाजूला दाजी होते, गॉगल लावून, हातात रॅकेट.

"एवडी जागा फुकट कशाला घालवायची?" मागून दाजी म्हणाले.