दुखणी पाठ असलेली बाई

माझ्या ओळखीत सगळ्यात जास्त वेळा मेलेली बाई म्हणजे आमच्या इमारतीत सातव्या मजल्यावर राहणारी अमेरिकन म्हातारी. विषाने मेली, बंदुकीने मेली, जिन्यावरून पडून मेली. एकदा तर चर्चमध्ये प्रार्थना चालू असताना बसल्या जागी मेली आणि शेजारच्या बाईला गाणं संपेपर्यंत पत्ता लागला नाही. हे सगळं सिनेमात आणि टीव्हीवर. चाळीस वर्षं तिने तिकडे हेच काम केलं, पण हिरॉईन कधी झाली नाही. विचारलं तर म्हणते, "हिरॉईन दार ठोठावते ना, ते उघडणारी मी." घरमालकीण, नर्स, खानावळीतली वाढपी, जज्ज, खून बघणारी शेजारीण, हिरोची सासू, सगळं करून झालं. पोस्टरवर नाव मात्र एकदाही नाही. मी पहिल्याच महिन्यात तिला तोंडावर म्हटलं, "चाळीस वर्षांत एकदाही मोठं काम मिळालं नाही म्हणजे तुला येत नसेल." ती डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. म्हणाली, "आजी, मोठं काम करणारी वर्षभर एकच बाई असते. तेवढ्यात मी सहा बाया होते."

मी इकडे परदेशात, नोव्हेना भागात मुलाकडे राहते. मुलगा रॅफल्स प्लेसला बँकेत जातो, सून घरूनच काम करते. ही बाई तिच्या मुलीकडे आली, मुलगी इथे नोकरीला आहे. सकाळी मी इमारतीखाली पोहण्याच्या तलावाकाठच्या बाकावर बसते, तिथे ओळख झाली. माझी शाळा चौथीपर्यंत आणि इंग्रजी लिफ्टमध्ये नि बाजारात शिकलेलं. पण एक शब्द न बोलता जिला विधवा दाखवता येते, तिला माझं इंग्रजी कळायला अडचण कसली? माझी नात आजी म्हणते म्हणून तीही मला आजी म्हणते. ती ऐंशीची, मी अठ्ठ्याहत्तरची. हे तिला तीनदा सांगून झालं.

तिची पहिली खोड म्हणजे माणसांच्या मागे चालणं. कोणी लंगडत चाललं, कोणी जड पिशवी सांभाळत चाललं की ही पाच पावलं मागे राहून तशीच चालायला लागते. टिंगल नाही, अभ्यास. मीही त्यातून सुटले नाही. एकदा जिमच्या मोठ्या काचेत मला माझ्या मागून दुसरी मीच येताना दिसले. तीच वाकलेली पाठ, तोच पदर सावरणारा हात, आणि डावा पाय टाकताना आधी जमीन चाचपणारी तीच टाच. मी गर्रकन फिरून म्हटलं, "लाज नाही वाटत?" ती म्हणाली, "वाटते. पण डावा गुडघा लपवतेस ते मुलाला सांगितलंस का?" नव्हतं सांगितलं. घरात चार माणसं असून दोन वर्षं कोणाला दिसलं नव्हतं. तिने सुनेच्या कानावर घातलं आणि मला डॉक्टरकडे जावं लागलं.

दुसरं वेड चपलांचं. तिच्या खाटेखाली अठ्ठावीस जोड आहेत, सगळे जुने आणि निम्मे तिच्या मापाचे नाहीत. कुठलंही काम आलं की आधी जोड ठरतो, मग बाई. "चेहरा देवाने एकच दिलाय, बाकीचं मी पायांपासून वर बांधत जाते," असं म्हणते. माझ्या कोल्हापुरी चपला तिने मागून नेल्या आणि आठवडाभर घालून फिरली. परत द्यायला आली तेव्हा गंभीरपणे म्हणाली, "या चपलांची बाई कोणाचं ऐकत नाही." सून मागेच उभी होती. ती म्हणाली, "आई, या खरंच फार मोठ्या नटी आहेत."

खायला बसली की बघवत नाही. थालीपीठ दिलं तर चिमणीएवढा घास घेणार आणि तो चावत बसणार. मी म्हटलं, "आवडत नसेल तर ठेव. तोंडदेखलं खाऊ नकोस." मग कळलं. सिनेमात जेवणाचा प्रसंग असला की तोच घास दिवसभर पुन्हा पुन्हा खावा लागतो. दर वेळी त्याच शब्दाला चमचा उचलायचा, त्याच शब्दाला गिळायचं. नवशिके पहिल्याच फेरीत ताट संपवतात आणि दुपारी पोट धरून बसतात. हिने एकदा सफरचंदाचा केक सव्वीस वेळा खाल्ला होता, अजून सफरचंदाला हात लावत नाही. मी म्हटलं, "आमच्याकडे प्रसंग एकदाच होतो. गरम आहे तोवर खा." त्या दिवशी तिने दोन थालीपिठं खाल्ली.

लिटिल इंडियाच्या बाजारात तिला मी मासे घ्यायला नेलं, तेव्हा कोळ्याने सुरी खाली ठेवली आणि हिच्याकडे बघत राहिला. मला वाटलं, सिनेमात पाहिली असेल. तो इथल्या सवयीने शेवटी 'लाह' लावत म्हणाला, "आंटी, तुला मी ओळखतो लाह! तोआ पायोहला माझ्या आईच्या ब्लॉकमध्ये राहायचीस ना?" ही लगेच म्हणाली, "आई कशी आहे?" मग दहा मिनिटं त्याच्या आईचा मधुमेह, भावाची नोकरी, सगळं झालं. बाहेर पडल्यावर मी विचारलं, "खोटं का बोललीस?" तर म्हणाली, "मी कुठे काय बोलले? सगळं तोच बोलला. बघणाऱ्याला ही आपल्या गल्लीतली वाटली पाहिजे. नाव आठवलं तर माझं काम फसलं." मला तिचं ते म्हणणं फारसं पटलं नाही, पण पापलेट ताजं मिळालं.

आता तिच्या इथल्या कामाचं सांगते. नोव्हेनाला जिकडेतिकडे दवाखाने. डॉक्टरकी शिकणाऱ्या मुलांना सरावाला आणि परीक्षेला खोटे पेशंट लागतात, ते काम हिने मिळवलं होतं. एका कागदावर एका बाईची माहिती येते. वय काय, काय दुखतं, कधीपासून, काय लपवते. ते पाठ करून खोलीत बसायचं. मुलं एकेक करून आत येतात आणि तपासतात. लपवलेलं आपण होऊन सांगायचं नाही, मुलाने नीट विचारलं तरच सांगायचं. आणि पहिल्याला जेवढं सांगितलं तेवढंच, त्याच आवाजात, बाराव्यालाही सांगायचं. मूल बाहेर गेलं की त्याने काय विचारलं, त्याला काय कळलं, याच्या खुणाही तीच कागदावर करते. पेशंट तीच आणि परीक्षकही तीच. ती म्हणायची, "सिनेमात चुकले तर पुन्हा घेतात, आजी. इथे चुकले तर एखादं मूल नापास होतं."

पाठांतर करून घ्यायला कोणीतरी डॉक्टर हवा. तिची मुलगी दिवसभर कामावर, म्हणून तो मान मला मिळाला. त्या वेळची कागदावरची बाई अशी होती: नवरा गेलेला, छातीत जड वाटतं. गोळ्या रोज नवरा हातावर ठेवायचा, तो गेल्यापासून घेतलेल्याच नाहीत. पण हे "घरी कोण असतं?" असं विचारलं तरच सांगायचं. नातीने मला सगळा कागद मराठीत समजावून दिला आणि मी बाकावर दवाखाना उघडला.

"काय होतंय?"

"छातीत जड वाटतं, डॉक्टर."

"गोळ्या घेतेस?"

"घेते की."

"खोटं बोलतेस. कागदावर लिहिलंय, घेत नाहीस म्हणून."

"आजी, डॉक्टरने कागद वाचायचा नसतो!"

"मग विचारत कशाला बसायचं? दोन धपाटे घातले की सांगशील."

असं आमचं रोज चालायचं. एका सकाळी मी विचारलं, "घरी कोण असतं?" ती म्हणाली, "नवरा असतो. तोच गोळ्या देतो." मी म्हटलं, "अगं, काल मेला होता ना? एकदा काय ते ठरव." ती हसली नाही. हात तोंडावर नेऊन म्हणाली, "ती मागच्या महिन्यातली बाई. पोटदुखीवाली." चार दिवसांनी पुन्हा तेच झालं. मी हसण्यावारी नेलं, पण ती त्या दिवसापासून लिफ्टमध्ये, बाजारात, तलावाला फेऱ्या मारताना पुटपुटायला लागली. किल्ल्या हरवणं, गॅस चालू राहणं यांवरून तिच्या मुलीच्या मनात आधीच पाल चुकचुकत होती. हे काम सुटलं की मुलगी घरात बसवणार, आणि ऐंशीच्या बाईला दुसरं काम कोण देतो, हे ती पुरतं ओळखून होती.

परीक्षेच्या दिवशी मी सोबत गेले. मला बाहेर खुर्ची आणि बिस्किटं दिली. घंटा झाली की एक मूल आत जाई, घंटा झाली की बाहेर येई. नववी एक किडकिडीत मुलगी होती. आत जाताना देवाचं नाव घेत असावी, बाहेर आली ती हसत. बारा जण झाले. बाई बाहेर आली, मी बिस्किटं पिशवीत टाकली आणि आम्ही निघालो. रस्त्यावरच्या पुलाच्या मधोमध ती थांबली.

"आजी, नवव्या मुलीला मी नवरा जिवंत सांगितला."

मला आधी कळेना. मग तिने सांगितलं. त्या मुलीने पेन खाली ठेवलं, खुर्ची जवळ ओढली आणि विचारलं, घरी कोण असतं? बारा जणांत सगळ्यात चांगलं तिनेच विचारलं होतं. आणि हिने पोटदुखीवालीचं उत्तर दिलं. नवराच गोळ्या देतो म्हटल्यावर पोरीने पुढे काय विचारायचं? ती समाधानाने उठून गेली. हिने कागदावर खूण केली, गोळ्यांचं कळलं नाही. सगळ्यात मोठे गुण त्याचेच होते.

मी काय म्हटलं ते लपवत नाही. मी म्हटलं, "खोलीत तिसरं कोणी होतं का? नाही ना? मग गप्प घरी चल. ऊन लागतंय."

"ती नापास होईल."

"पुन्हा बसेल. तरणी आहे. तू सांगितलंस तर तुझं काम जाईल."

"जाईल," ती म्हणाली. "पण न सांगितलं तर त्या पोरीला वाटेल, घरी कोण असतं हे विचारून काही उपयोग नसतो. मग ती जन्मभर कोणालाच विचारणार नाही."

एवढं बोलून ती उलटी फिरली. मी गुडघ्याला शिव्या देत मागे.

तिथल्या मुख्य डॉक्टरीणबाईंसमोर ती उभी राहिली. मी दारात होते. रडली असती, चक्कर आल्याचं दाखवलं असतं, तर तिच्याइतकं चांगलं कोणाला जमलं असतं? तिला तीनशे प्रकारचं रडता येतं, मी पाहिलंय. पण तिने काहीच केलं नाही. हातसुद्धा कुठे ठेवायचे ते तिला कळत नव्हतं. म्हणाली, "मुलीने बरोबर विचारलं. मी चुकले. माझ्या डोक्यात दोन बाया एक होतात. ही पहिली वेळ नाही, घरीही झालंय." शेवटचं सांगायची गरज नव्हती. तेही सांगितलं.

डॉक्टरीणबाईंनी कागद मागवून तिची खूण खोडली आणि त्या मुलीला दुसऱ्या पेशंटसमोर पुन्हा बसवायचं ठरवलं. मग आवाज उतरवून म्हणाल्या, "तुम्ही आता नुसतं निजून राहायचं काम घ्या. मुलं पोट तपासतील. बोलावं लागत नाही." ही म्हणाली, "कुठे दाबल्यावर दुखतं ते लक्षात ठेवावं लागतं ना?" आणि गळ्यातलं ओळखपत्र काढून टेबलावर ठेवलं.

मी कोणाची तोंडावर स्तुती करत नाही. मुलगा पहिला आला तेव्हाही केली नव्हती. त्या दिवशीही तिला काही म्हटलं नाही, फक्त पूल उतरताना तिची पिशवी घेतली. पण घरी आल्यावर मुलाला सांगितलं, सुनेला सांगितलं, रविवारी मुलाचे बँकेतले मित्र जेवायला आले त्यांना वाढता वाढता सांगितलं. चूक कबूल करणारी माणसं मी खूप पाहिली आहेत, पण पकडल्यावर. कोणी पकडलेलं नसताना, पोटावर पाय येणार हे माहीत असताना, भर उन्हात उलटी फिरणारी हीच एक. मित्रांपैकी एकाने विचारलं, "कुठल्या सिनेमात होत्या त्या? नाव काय?" मी म्हटलं, "नाव सांगून तुला काय कळणार? नटी आहे. आमच्या इमारतीत राहते."

याला आता सहा महिने झाले. मुलगी तिला एकटीला बाहेर सोडत नाही, पण बाकापर्यंत आणून बसवते. परवा ती मला नवऱ्याला मूठमाती दिल्याचं सांगत होती. बर्फाचे दिवस होते, गावात दुसरं कोणी नव्हतं, जमीन दगडासारखी झालेली, आणि खणता खणता फावड्याचा दांडा मोडला. मुलगी तिला न्यायला आली होती. ती माझ्या कानाशी लागून म्हणाली, "आजी, हे मम्मीने टीव्हीत केलेलं काम आहे. डॅडी मजेत आहेत, दुसऱ्या बायकोबरोबर राहतात."

मी तिला हाताने गप्प केलं आणि बाईकडे वळले.

"मग? दांडा मोडल्यावर काय केलंस?"

ती बाकावरून उतरली, हळूच गुडघ्यांवर बसली आणि दोन्ही हातांनी बर्फ उकरायला लागली. बोटं आखडत होती, ती तोंडाजवळ नेऊन फुंकत होती, पुन्हा उकरत होती. ऊन चांगलं वर आलं होतं. मी पदर खांद्यांभोवती घट्ट ओढून घेतला.