लाल चमचा

चौकात उभं राहून मी दुसऱ्यांच्या खोटेपणावर ओरडते. हे मात्र कुणालाच सांगितलेलं नाही — आईलाही नाही. तुम्हाला सांगते.

बाबांनी आयुष्यभर पत्रकं वाटली. महाल भागातल्या गल्ल्यांमधून, सायकलवर, उजव्या हाताने. त्या कागदांच्या घड्या घालतच मी वाढले. खोटं छापायचं नाही, हा घरातला एकच कायदा. मग दोन वर्षांपूर्वी झटका आला आणि तोच हात लुळा पडला. धंतोलीच्या डॉक्टरांनी व्यायाम दिले. बाबा करायचे नाहीत. चेंडू दाबायला मी काय लेकरू आहे, म्हणायचे.

हात हलला तो कासवामुळे. शेजारच्यांची बदली झाली, जाताना त्यांनी दिलेलं, तळहाताएवढं. बाबा त्याच हाताने लाल चमचा पाण्याशी धरायचे. कासवाने त्याला नाक लावलं की लगेच एक सुकट. नाही लावलं तर नाही, रागावणंही नाही. पुढे पुढे चमचा दिसताच ते टाकीच्या दुसऱ्या टोकाहून पोहत यायचं. आणि बाबा — रोज तो हात थोडा आणखी वर, थोडा आणखी वेळ धरायचे.

मे महिन्यात एकदा आई-बाबा दवाखान्यात निघाले. टाकी गॅलरीत होती. "अर्ध्या तासानं आत घेजो वं," बाबा म्हणाले. मी हो म्हटलं आणि लिहायला बसले. काय लिहीत होते, तेही सांगायलाच हवं — उन्हात राबणाऱ्या मजुरांना सावली मिळावी, म्हणून पत्रक. चांगलं जमलं होतं. उठले तेव्हा टाकीतलं पाणी बोट बुडवता येणार नाही इतकं तापलं होतं, आणि कासव मेलं होतं.

आई-बाबा परत यायच्या आत मी दुसरं कासव विकत आणलं. तेवढंच, तसंच.

इथवरच असतं तर? तर कदाचित केव्हाच बोलले असते. पण संध्याकाळी बाबांनी चमचा धरला आणि नव्या कासवाने मान आत ओढली. दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्याही.

"नखरे करून राहिलं," आई हसली. "लाडावून ठेवलं तुम्ही त्याले."

बाबा हसले नाहीत. हाताकडे पाहत राहिले. मग मला म्हणाले, "काहून वं, माझा हात लय थरथरते काय? भेऊन राहिलं का ते?"

हे कासव ते नाही — एवढंच तर म्हणायचं होतं. मी म्हटलं, "हो बाबा. थोडासा थरथरते."

घाबरून गप्प बसले असते, तर ती वेगळी गोष्ट. मी गप्प बसले नाही. बोलले.

त्यानंतर त्यांनी चमचा उचलला नाही. व्यायाम तर नाहीच. हात मांडीवर पडून असतो. जेवतात डाव्याने.

नव्या कासवाला मी शिकवलं. तसंच — चमचा, नाक, सुकट. ते पहिल्यांदा पोहत आलं तेव्हा बाबा पलंगावरून पाहत होते.

"पाह्य, तुह्याजवळ येते," म्हणाले. "तुहा हात सरळ आहे."

मी चमचा धुतला आणि जागेवर ठेवला.