एकशेएकोणीस काकू

दोन हजार तेवीस साल. मी एकाहत्तर वर्षांचा होतो आणि तोक्योत ओजिमाला मुलाकडं राहत होतो. त्याच इमारतीत चौथ्या मजल्यावर वर्ध्याच्या एक काकू होत्या; त्यांच्याही मुलाची नोकरी इथलीच. रडायच्या आधी त्या वर्दी देत. "भाऊ, आता दोन मिनिटांत मी रडणार. तुम्ही खिडकीकडे पाहा."

रडणं सिनेमासाठी. कोरियन सिनेमा, तोही एकच. आगीतून माणसं काढणारा जवान, अँब्युलन्सवरची मुलगी, आणि दोघांचं जमता जमत नाही. दुपारी घरं रिकामी झाली की काकू दार उघडं ठेवून तो लावत आणि मला चहाला बोलावत. प्रेमाच्या प्रसंगाला त्यांचे डोळे कोरडे. अँब्युलन्सचं दार लागलं की पदर वर. तालुक्याच्या दवाखान्यात तीस वर्षं नर्स होत्या त्या. मी म्हणायचो, या वयात असले सिनेमे शोभत नाहीत. त्या म्हणायच्या, "मग रोज काहून येता?"

माझी शाळा चौथीत सुटली. मराठी लिहितो, इंग्रजीशी गाठ नाही. पण तसं कबूल करणं माझ्यात नव्हतं. सिनेमाखाली इंग्रजी अक्षरं पळत. पहिल्या दिवशी मी म्हणालो, चष्मा घरी राहिला. तेव्हापासून प्रत्येक ओळ त्यांनी मला मराठीत मोठ्यानं सांगितली. वर म्हणाल्या, मला मनातल्या मनात वाचता येत नाही, राग मानू नका. चष्मा माझ्या खिशातच होता, काडी बाहेर दिसत होती.

सिनेमात मदतीचा फोन एकशेएकोणीसला लागतो. जपानातही तोच नंबर, म्हणून इमारतीतल्या आपल्या बायकांनी त्यांना एकशेएकोणीस काकू हे नाव ठेवलं. फोन लागला की इथं आधी विचारतात, आग लागली की माणूस आजारी. आजारी असेल तर 'क्यूक्यू' म्हणायचं, हे काकूंनी मला दहादा सांगितलं. मी म्हणालो, "कोंबडी बोलवायची आहे का?" त्या हसल्या आणि म्हणाल्या, एकदा म्हणून तर दाखवा. मी म्हटलं नाही. बाईमाणसानं मला बोलायला शिकवावं, हे पटत नव्हतं.

नोव्हेंबरातल्या एका दुपारी त्यांच्या हातून कप पडला, पाठोपाठ त्या. मी त्यांच्याच फोनवरून नंबर लावला. पलीकडची बाई म्हणाली, "काजी देसका?" मला वाटलं, काळजी आहे का विचारतेय. तिचं पुरतं ऐकून न घेताच मी म्हणालो, "हाय, लय हाय." आमच्या गावाकडं 'आहे'ला हाय म्हणतात, आणि जपानीत होकाराला हाय. काजी म्हणजे आग. ओजिमा आणि इमारतीचा नंबर एवढंच मला पाठ होतं, ते सांगितलं. तीन बंब आले. जवान पाइप घेऊन वर चढले आणि आग शोधू लागले. अँब्युलन्स मागून आली. तेवढा वेळ गेला.

खाली सगळी इमारत उभी. कामावरून धावत आलेल्या माझ्या मुलानं विचारलं, "आबा, असं कसं झालं?" मी बोलून गेलो, "काकूंनीच शब्द उलटा शिकवला."

ते दवाखान्यापर्यंत पोचलं. काकूंचा उजवा हात गेला होता, तोंड वाकडं झालं होतं. त्यांच्या मुलानं सगळ्यांदेखत त्यांना विचारलं, खरं का. त्यांनी माझ्याकडं पाहिलं. मग एकेक अक्षर जुळवत म्हणाल्या, "हो. मीच उलटा शिकवला."

मी खिडकीकडं पाहिलं.

जानेवारीत त्यांचा मुलगा त्यांना वर्ध्याला घेऊन गेला. टॅक्सी दारात होती आणि मी वर पडद्याआड होतो. एप्रिलमध्ये एका संध्याकाळी सुनेनं सांगितलं, काकू गेल्या. तिनं मला चहा दिला. म्हणाली, "तुम्ही मनाला लावून घेऊ नका आबा, तुमची काय चूक."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिच्याबरोबर खाली गेलो. शाळेच्या बसपाशी आपल्या सात-आठ बायका पोरांना घेऊन उभ्या असतात. त्यांना सांगितलं, काकूंनी बरोबर शिकवलं होतं. चूक माझी, आणि नंतरचं खोटंही माझं. सुनेनं पोराच्या दप्तराचा पट्टा सरळ केला, मग सरळ असलेला पुन्हा एकदा केला.