कानातला माणूस

माझ्या ओळखीच्यांत अंकलइतक्या वेळा मेलेला दुसरा माणूस नाही. घोड्यावरून पडून, विष पिऊन, भर लग्नात गोळी लागून ते मेलेले आहेत. एकदा तर लेखकाशी भांडण झालं म्हणून साध्या जिन्यावरून घसरून मेले. बहुतेक वेळा ते परतही आले. कधी जुळा भाऊ म्हणून, कधी स्मृती गेलेला कोळी म्हणून. मेक्सिकोत ज्याला तेलेनोव्हेला म्हणतात, म्हणजे आपल्याकडची रोज संध्याकाळची मालिका, त्या धंद्यात त्यांची उभी हयात गेली. हे सगळं त्यांनी मला क्वीन्सटाउनच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या खाण्याच्या स्टॉलांच्या मंडईत, समोर कोपीचा, म्हणजे इथल्या कॉफीचा, कप ठेवून, एखाद्याने आपल्या बदल्या आणि बढत्या सांगाव्यात तशा सुरात सांगितलं.

नात्याने ते हिच्या, म्हणजे माझ्या बायकोच्या, बॉसचे वडील. ही बुओना व्हिस्टाच्या एका लॅबमध्ये पोस्टडॉक करते आणि तिची बॉस, जिला आम्ही घरात डॉक्टर बाई म्हणतो, मेक्सिकोची. आई गेल्यावर तिने वडिलांना इकडे आणलं. कॉन्डोत, म्हणजे तिच्या सोसायटीतल्या फ्लॅटमध्ये, दिवसभर एकटे बसून ते कंटाळतात, असं ती एकदा सहज म्हणाली. बॉस सहज म्हणते ते सहज नसतं हे हिने घरी येऊन मला समजावलं, आणि दर रविवारी सकाळी अंकलना सोबत करायचं काम माझ्याकडे आलं. आम्ही क्वीन्सटाउनला, ते बुओना व्हिस्टाला. मध्ये एमआरटीचं, म्हणजे इथल्या मेट्रोचं, एक स्टेशन. त्यांचं इंग्रजी माझ्याइतकंच, म्हणजे दोघांत मिळून भागेल एवढं. ते मला नावाने कधीच हाक मारत नाहीत. 'इंजिनिअर' म्हणतात. या शहरात आमच्या मराठी माणसांत असं म्हटलं तर निम्मे लोक वळून बघतील, पण ते म्हणतात तेव्हा मी एकटाच इंजिनिअर उरल्यासारखं वाटतं.

पहिल्या मालिकेत ते एका श्रीमंत बंगल्यावर ड्रायव्हर होते. संवाद एकच, 'गाडी तयार आहे, साहेब.' तो त्यांनी इतक्या दुःखाने म्हटला की या ड्रायव्हरचं काहीतरी आहे असं लोकांना वाटायला लागलं आणि लेखकाला नाइलाजाने त्याला त्या घराचा हरवलेला मुलगा करावं लागलं. पुढे तिशीत नायक, चाळिशीत खलनायक, आणि केस पांढरे झाल्यावर त्याच बंगल्याचे मालक. बंगला खरोखरच तोच होता, प्रत्येक मालिकेला फक्त पडदे बदलायचे. खलनायकाच्या काळात त्यांच्या गल्लीतली भाजीवाली त्यांना टोमॅटो देत नसे, हे ते अजून अभिमानाने सांगतात. शेवटी ते दिग्दर्शक झाले आणि त्यांचं खरं नाव झालं ते एका नवरीमुळे. तिला चर्चच्या पायऱ्या चढायला त्यांनी आख्खा आठवडा लावला. 'लोकांना लग्न नको असतं, इंजिनिअर,' ते म्हणाले, 'पायऱ्या हव्या असतात.' माझी आई पुण्याहून आली होती तेव्हा ती आमच्याकडे मोबाईलवर तिची मालिका बघत बसली होती. अंकलनी चष्मा लावला, थोडा वेळ पाहिलं आणि सांगितलं, ही मोलकरीण त्या मुलीची खरी आई आहे. पुढच्याच आठवड्यात तसंच निघालं. तेव्हापासून आई फोनवर माझ्याआधी त्यांची चौकशी करते. 'माणूस अभ्यासू आहे हो,' असं म्हणते. माझ्याबद्दल ती असं कधी म्हणालेली नाही.

आता असा माणूस रोजच्या व्यवहारात कसा असेल? दारातून तो नुसता आत येत नाही. आधी उंबऱ्यावर थांबतो, चेहरा थोडा डावीकडे वळवतो, कारण ती अंकलची चांगली बाजू, आणि आतल्या मंडळींना आपण आल्याचा धक्का बसायला वेळ देतो. हे त्यांनी एकदा क्वीन्सटाउन स्टेशनवर गाडीच्या दारात केलं. दार बंद झालं. मी पुढच्या स्टेशनवर उतरून परत आलो तेव्हा ते फलाटावर त्याच बाजूने उभे होते. दुसरी सवय पाठ फिरवण्याची. मालिकेत महत्त्वाचं बोलताना माणूस समोरच्याकडे पाठ करून कॅमेऱ्याकडे बघतो, म्हणजे दोघांचेही चेहरे दिसतात. अंकल जन्मभर तसंच बोलत आले, त्यामुळे त्यांच्या आयुष्यातल्या बहुतेक गंभीर गोष्टी मी त्यांच्या पाठीकडून ऐकल्या आहेत. कोपीच्या स्टॉलवर ते ऑर्डरही पाठ फिरवून देतात. स्टॉलवाला म्हातारा चिनी अंकल पहिल्यांदा वैतागला होता. 'अंकल, यू वॉन्ट कोपी ऑर नॉट?' माझी मुलगी इथल्या शाळेत शिकते. तिने इथल्या इंग्रजीत एका वाक्यात निकाल लावला, 'बाबा, युअर फ्रेंड सो ड्रामा लाह.'

पण खरी विचित्र सवय वेगळीच. त्यांना काहीही विचारलं की मान किंचित कलती करून ते क्षणभर थांबत आणि मग उत्तर देत. चहा घेणार का, या प्रश्नालासुद्धा. मला वाटे, कमी ऐकू येतं. हिला वाटे, विचारी आहेत. उलगडा झाला तो आमच्या मंडळाच्या गणपतीत.

गणपतीत एकांकिका बसवायची होती. ती मीच लिहिली होती, म्हणून तिच्याविषयी बोलत नाही. मुलगी कायमची परदेशी निघते आणि कधीच न बोललेला बाप शेवटी बोलतो, एवढीच गोष्ट. बापाचं काम करणाऱ्या गृहस्थांना कंपनीने मध्येच टोकियोला पाठवलं. अंकल तोवर आमची एकांकिका हौसेने दिग्दर्शित करत होते. ते म्हणाले, बाप मी करतो. मराठी येत नाही ही अडचण आम्ही नम्रपणे मांडली. त्यांनी खिशातून एक डबी काढली. डबीत मटाराएवढं यंत्र होतं. 'भाषा कशाला? कान आहे ना,' ते म्हणाले. मग कळलं की त्यांच्याकडे मालिकेतले नट संवाद पाठच करत नाहीत. रोज एवढे भाग, पाठ करायला वेळ कुणाला? काचेच्या खोलीत एक माणूस बसतो आणि माइकवर वाक्य वाचतो, ते नटाच्या कानात येतं, आणि ऐकता ऐकता नट ते रडत किंवा ओरडत म्हणतो. अंकलनी उभ्या आयुष्यात एक ओळ पाठ केलेली नव्हती. चहाच्या प्रश्नाला ते कुणाची वाट बघत, तेही तेव्हा कळलं.

तर कानातला माणूस मी झालो. कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये तालमी सुरू झाल्या. मी कोपऱ्यात बसून वाचायचो आणि अंकल माझी सपाट वाक्यं अशी काही म्हणायचे की ती मीच लिहिली आहेत यावर माझा विश्वास बसत नसे. एकदा शेवटच्या प्रसंगात माझं लक्ष गेलं तर एकाने खुर्ची बरोबर वायरवर ठेवलेली. मी माइक बंद न करताच म्हणालो, 'अरे, ती खुर्ची उचल, वायर तुटेल.' अंकलनी मुलीचे दोन्ही हात हातात घेतले, त्यांचा आवाज फुटला, आणि ते म्हणाले, 'अरे, ती खुर्ची उचल, वायर तुटेल.' कोपऱ्यात एक काकू डोळे पुसत होत्या. मी तो संवाद तसाच ठेवावा, असं दोघांतिघांनी मला नंतर गंभीरपणे सुचवलं.

प्रयोगाला आठवडा उरला होता तेव्हा मी अंकलना म्हणालो, डॉक्टर बाईंना पुढच्या रांगेत जागा ठेवतो. ते उठून खिडकीशी गेले आणि पाठ फिरवली. ती येणार नाही, म्हणाले. तिने त्यांचं एकही काम पाहिलेलं नाही. लहान असताना एकदाच ती सेटवर आली होती, तिच्या वाढदिवशी, कारण त्यांना घरी जाता येत नव्हतं. तिला कुठे बसवायचं म्हणून काचेच्या खोलीत बसवलं. तिथला माणूस पाव खात खात माइकवर वाचत होता, 'माझ्या पिल्ला, तुझ्यावाचून मला जगात कोणी नाही.' आणि काचेपलीकडे तिचे बाबा ढसाढसा रडत तेच वाक्य दुसऱ्याच एका मुलीला म्हणत होते. त्या रात्री घरी आल्यावर त्यांनी लेकीला जवळ घेतलं आणि असंच काहीतरी म्हणाले. 'तिने माझे केस बाजूला केले, इंजिनिअर,' ते म्हणाले, 'आणि माझ्या कानात पाहिलं.' मोठी झाल्यावर तिने त्यांचं सगळं केलं. औषधं, तिकिटं, इथे राहायचा पास, काही कमी पडू दिलं नाही. पण ते मनातलं काही बोलायला लागले की तिची नजर आपोआप कानाकडे जाते. तिची आई वारली तेव्हाही नजर तिकडेच गेली.  मी त्यांच्या पाठीकडे बघत राहिलो.

प्रयोगाच्या दिवशी अंकल केस अगदी बारीक कापून आले. मानेवर रुळणारे ते पांढरे केस म्हणजे त्यांची शान, त्यामुळे मला वाईट वाटलं, पण बापाच्या भूमिकेला शोभत होतं. डॉक्टर बाई आली. हिने लॅबमध्ये काय सांगून आणलं कोण जाणे, पण ती दुसऱ्या रांगेत, पर्स मांडीवर घट्ट धरून, कुठल्याही क्षणी उठायच्या तयारीने बसली होती. पडदा उघडला आणि मी विंगेत माइक धरून वाचायला लागलो. सगळं सुरळीत चाललं होतं. इतकं सुरळीत की एकदा मी पान उलटायला अडखळलो तरी अंकल पुढे बोलतच होते. तेव्हा माझं लक्ष शेजारच्या टेबलावर गेलं. तिथे ती डबी उघडी होती आणि यंत्र तिच्यातच होतं. मी इतका वेळ एका डबीला प्रॉम्प्टिंग करत होतो. मागे वळून पाहिलं तर ही तोंडावर हात ठेवून उभी. महिनाभर लॅबच्या जेवणाच्या सुट्टीत ही शेजारच्या कॉन्डोत जाऊन अंकलकडून पाठांतर करून घेत होती, आणि मला घरात पत्ता नव्हता.

शेवटचा प्रसंग आला. बापाचं ते भाषण मी मोठ्या हौसेने लिहिलेलं होतं, चांगलं पानभर. अंकलनी पहिलं वाक्य म्हटलं, दुसऱ्याला सुरुवात केली, आणि विसरले. चेहरा कोरा झाला. मान कलती झाली, पण कानात कोणी नव्हतं. मी विंगेतून दबक्या आवाजात वाक्य सांगून पाहिलं, ते त्यांना ऐकू गेलं नाही.  पुढच्या रांगेतलं एक मूल 'व्हाय अंकल नेव्हर टॉक?' असं विचारू लागलं. अंकल काहीतरी शोधत राहिले, आणि आख्ख्या पानातून त्यांना एकच वाक्य सापडलं. 'तू थांबली असतीस तर बरं झालं असतं.' तेही मोडक्या उच्चारात, डोळ्यांत पाणी नाही, आवाजात काही नाही. धंद्याच्या हिशेबाने त्यांच्या कारकिर्दीतलं ते सर्वांत वाईट काम असावं. पडदा पडला.

डॉक्टर बाई आत आली तेव्हा अंकल एका खुर्चीवर खाली मान घालून बसले होते. तिला मराठीचा एक शब्द कळत नाही, म्हणून तिने हिला बाजूला घेऊन विचारलं, मध्ये काय झालं? ही खोटं बोलू शकली असती. पण ही म्हणाली, 'विसरले. बरंचसं विसरले.'  'म्हणजे त्यांनी पाठ केलं होतं?' डॉक्टर बाईने विचारलं. आणि मग तिला एकदम रडू कोसळलं. ती वडिलांसमोर जाऊन उभी राहिली आणि त्यांच्या भाषेत काहीतरी विचारलं. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्यांना रडवलं ते अंकल तिच्या हातातली पर्स धरून नुसते मान हलवत राहिले. ती त्यांच्या कानाकडे बघत नव्हती.

रविवारी हल्ली मला बोलावणं येत नाही. परवा भाजी घेऊन जाताना हॉकर सेंटरमध्ये बापलेक दिसले, समोरासमोर, तोंडाकडे तोंड करून बसलेले.  मधूनच एखादं वाक्य कोणीतरी म्हणे आणि दुसरं सावकाश विचार करे. मला हाक मारावीशी वाटली, पण मारली नाही. माझे रविवार मोकळे पडलेत. चुकल्यासारखं होतं, आणि खरं सांगायचं तर फार बरंही वाटतं.