भरतीचा प्रश्न काढला, लिफ्टचा ठेवला

हे आत्ताच सांगायला पाहिजे. आत्ता म्हणजे आत्ता. उद्या मी शांत होईन, मग शहाण्यासारखं जपून लिहीन आणि त्यातलं खरं निघून जाईल. घाईत टाईप करतेय, चुका होतील, चालवून घ्या.

तर मी संख्याशास्त्र शिकते, कॉलेजचं शेवटचं वर्ष. घर मालवणच्या किनाऱ्याला, बाबांची होडी, आई बाजारात मासे विकते. धाकटी बहीण यंदा पाचवीत. तिला एका निवासी शाळेत जायचंय. राज्यभरातली मुलं तिथली प्रवेश परीक्षा देतात, जागा मोजक्याच. त्या शाळेत दुर्बीण आहे, खरीखुरी, छतावर बसवलेली. गेलं वर्षभर आमच्या घरात त्या दुर्बिणीशिवाय दुसरा विषय नाही.

आमच्या विभागातल्या एक मॅडम त्या परीक्षेचं काम बघतात. निकाल लावायच्या आधी कुठला प्रश्न कुणावर अन्याय करतोय का, हे आकड्यांवरून तपासायचं काम. मॅडम आमच्याच बाजूच्या गावच्या. मला म्हणाल्या, "गो, येतंस काय मदतीक?" मी तर उडीच मारली! बहीण परीक्षेला बसलीय हे मी आधीच सांगून टाकलं. मॅडम म्हणाल्या, असू दे, आपल्याकडे नावं येतच नाहीत, नुसते नंबर आणि तालुका.

हे काम कसं चालतं ते सांगू? मला इतकं आवडतं ना ते! नुसतं 'शहरातल्या मुलांना हा प्रश्न जास्त आला' एवढ्यावरून काही ठरत नाही. कदाचित त्यांची तयारीच जास्त असेल. म्हणून एकूण गुण सारखे असलेली मुलं शेजारी शेजारी ठेवायची, एक शहरातलं, एक किनाऱ्यावरचं. बाकी सगळ्या पेपरात बरोबरीची. आणि मग एकाच प्रश्नात एक बाजू परत परत पडत असेल, हुशार मुलांतही आणि कच्च्या मुलांतही, तर गडबड मुलांत नाही, प्रश्नात आहे. किती साधं आहे! आणि किती न्यायाचं! मला तेव्हा तसंच वाटायचं.

दोन प्रश्न सापडले.

पहिला लिफ्टचा. एका इमारतीला जमिनीखाली दोन मजले आहेत, लिफ्ट सगळ्यात खालून निघाली आणि सात मजले वर गेली, तर कुठे थांबली? आमच्या किनाऱ्यावरची मुलं यात धडाधड पडली होती. आणि चुकीची उत्तरं विखुरलेली नव्हती. बहुतेकांनी एकच पर्याय घेतला होता, 'यापैकी नाही'. मला कळेना, हाच का?

घरी येऊन बहिणीला विचारलं. प्रश्नपत्रिका तिच्याकडे होतीच. तिनेही 'यापैकी नाही'च केलं होतं.

"कित्याक गो?"

"ताई, जमनीखाली दोन माळे? दोन हात खणलास तर पाणी लागता. लिफ्ट बुडतली मां? मगे वर कशी येतली?"

मी हसून हसून खाली बसले. पण बरोबर बोलली की ती! आमच्याकडे जमिनीखाली विहीर असते, पार्किंग नसतं. अख्ख्या किनाऱ्यावरच्या पोरांनी मनातल्या मनात त्या इमारतीत पाणी भरलं होतं.

दुसरा प्रश्न भरतीचा. आज दुपारी बाराला पूर्ण भरती होती, तर उद्या दुपारची भरती साधारण किती वाजता? इथे उलटं. आमची मुलं सुसाट, शहरातली पडलेली. बहिणीला विचारलं तर म्हणाली, "ह्यां पण इचारतत?" तिने गणित केलंच नव्हतं. भरती रोज पाऊण तास पुढे सरकते हे तिला होडी कधी काढायची त्यावरून माहीत आहे.

आता गंमत बघा. दुसरा प्रश्न मी गपचूप सोडून देऊ शकले असते. तो आमच्याच फायद्याचा होता. पण पद्धत म्हणजे पद्धत. मी दोन्ही मांडले. मॅडमना दाखवले तर त्यांनी माझ्या पाठीवर अशी थाप मारली की हातातला चहा सांडला.

"भारी काढलंस गो तू! दोन्ही काढूक सांगूया. आपल्या पोरांचा कोण बोलतला? आपणच मां?"

त्या वाक्यावर मी आठवडाभर तरंगत होते. खरंच.

मग समितीची बैठक झाली. कॉम्प्युटरवर. मी मॅडमच्या शेजारी, कॅमेऱ्यात दिसणार नाही अशी बसलेले, आमच्या आलेखांची चित्रं पुढे सरकवायला. आधी लिफ्टचं चित्र आलं. अध्यक्ष म्हणाले, "लिफ्ट काय, टीव्हीवर बघतातच की मुलं. आजच्या काळात एवढं यायलाच हवं."

मी मॅडमकडे बघितलं. आता बोलतील. पाण्याचं सांगतील. मी त्यांना सगळं सांगितलं होतं, बुडणाऱ्या लिफ्टवर आम्ही दोघी पोट धरून हसलो होतो.

मॅडम म्हणाल्या, "हो सर, तेही बरोबर आहे."

मग भरतीचं चित्र. अध्यक्ष म्हणाले, "हा मात्र सरळ सरळ पक्षपात आहे. ठराविक भागातल्या मुलांनाच येणारा प्रश्न. रद्द करा. छान पकडलंत मॅडम."

"थँक यू सर," मॅडम म्हणाल्या.

मी पकडला होता तो! पण श्रेय गेलं खड्ड्यात, त्याचं नाही वाटत मला. दोन्ही प्रश्न एकाच मापाने मोजले होते. माप सांगतं, इथे फरक आहे. तो फरक अन्याय आहे की नाही हे माप सांगत नाही, ते माणसं ठरवतात. आणि माणसांनी ठरवलं की शहरातल्या पोरांना येतं ते ज्ञान आणि आमच्या पोरांना येतं तो पक्षपात. भरतीचा काढला याला माझी हरकत नाही, आजही नाही. पण मग दोन्ही काढा ना!

बैठक संपल्यावर मी म्हटलं, "मॅडम, तुम्ही पाण्याचा सांगलासच नाय."

त्यांनी चष्मा पुसला. आणि माझ्याशी कधी बोलत नाहीत तशा शुद्ध बोलल्या. "हे बघ, अंतिम निर्णय समितीचा असतो. तू अजून लहान आहेस."

आज दुपारी निकाल लागला. बहीण एका गुणाने राहिली. एका! भरतीच्या त्या एका गुणाने. मी तिला सगळं खरं सांगितलं, कारण तिने परत परत मोजून बघितलं होतं आणि बेरीज जुळत नव्हती.

"पण माझा उत्तर बरोबर होता मां?"

"होता."

"मगे गुण खंय गेलो?"

मी म्हटलं, तो प्रश्नच रद्द झाला. म्हणाली, कोणी सांगितलं? मी विषय बदलायला गेले. पोर हुशार आहे हो, एका गुणाने राहिली म्हणून काय झालं.

"तूच सांगलंस मां त्येंका? माका येता म्हणान?"

आई मागून म्हणाली, "येवढा शिकलंस, तां भैणीचो गुण कापूक?" आईला मी समजावू शकले असते. सारखे गुण, शेजारी शेजारी, सगळं. पण मी समजावायला लागले ना, तर माझ्या तोंडून मॅडमसारखीच शुद्ध भाषा यायला लागली. मग मी थांबले.

बहीण आत गेली आणि तिने दार लावून घेतलंय. आमच्या घरात त्या खोलीचं दार कुणी कधी लावत नाही. मी बाहेर पायरीवर बसून हे लिहितेय. समितीला पत्र लिहिणार आहे, माझ्या नावाने, लिफ्ट आणि पाणी सगळं घालून. मॅडमना कळेल. कळू दे.

पण त्याआधी मला तुम्हाला विचारायचंय, खरं सांगा. तुमच्या बाबतीत झालंय का असं? तुम्ही विश्वासाने दोन्ही बाजू मांडल्या, आणि तुमच्याच माणसाने त्यातली एकच पुढे नेली? मग घरच्यांना काय सांगितलंत तुम्ही?