ओनोरीनबाईंना कार्नेशन आली त्या दिवशी

पॅरिसातल्या कुठल्याही कॅफेत ओनोरीन व्हासर हे नाव घेतलंत, तर कोणी मान वर करायचं नाही. पण बाई स्वतः दारातून आत आल्या, की वेटरसुद्धा ओरडायचा, "अरे, ही तर ती!" ती म्हणजे कोण? कधी इमारतीची भांडकुदळ रखवालदारीण, कधी मासेवाली, कधी मृत्युपत्र ऐकायला आलेली नाक मुरडणारी मावशी. सिनेमात दोन मिनिटं यायच्या आणि नायिकेला खाऊन टाकायच्या. स्टुडिओत त्यांना कपडे चढवायचे मी, म्हणून मला विचारा. नायिकांचे नखरे मी कोळून प्यायले आहे. या बाई मात्र आपला अंबाडा आपणच घालायच्या आणि डब्यातलं सॉसेज मला द्यायच्या.

तरुणपणी त्या लियों शहरातल्या एका नाटक कंपनीत होत्या. मुख्य भूमिका अगदी हाताशी आलेली. तेवढ्यात एका दारूच्या व्यापाऱ्याने कंपनी विकत घेतली आणि पहिल्याच आठवड्यात बाईंच्या खोलीत कार्नेशनच्या फुलांचा गुच्छ आला. आमच्या धंद्यात शेंबडं पोरही जाणतं, नटीला ठेवायचं असेल तर मालक गुलाब धाडतो, काढायचं असेल तर कार्नेशन. बाईंनी कोणाला काही विचारलं नाही. पेटी भरली आणि रडत रडत पॅरिसची गाडी धरली. तेव्हापासून नशिबी ही दोन-दोन मिनिटं.

साठी जवळ आल्यावर, एकोणीसशे एकावन्न साली, एकदाची आईची भूमिका मिळाली. कोर्टात उभं राहून पोटच्या पोराविरुद्ध साक्ष द्यायची, अख्खा प्रसंग एकटीचा. बाई मेट्रोतसुद्धा पुटपुटत असायच्या. मला म्हणायच्या, "जिल्बेर्त, एवढं करू दे. मग खुशाल मला रखवालदारीण करून पुरा."

शूटिंगच्या सकाळी मी त्यांच्या खोलीत गेले, तर टेबलावर लालभडक कार्नेशन! वर नव्या निर्मात्याचं कार्ड.  आईच्या भूमिकेत कोणी बडी नटी घालायचं घाटतंय, अशी कुजबुज होतीच. मी गुच्छ एप्रनखाली लपवायला गेले.

"ठेव खाली," मागून बाई म्हणाल्या. "पाहिलीत मी."

"मेल्याला लाज नाही! थांबा, मी जाऊन विचारते."

"तू कशाला? एकदा मुकाट निघून गेले, तेवढं पुरे. काळा झगा दे. आणि ती फुलंही दे इकडे."

तरातरा सेटवर गेल्या आणि साक्षीदाराच्या जागी उभ्या राहिल्या. "एमिल, चालू कर."

"अहो मादाम, अजून तालीम..." दिग्दर्शक धावला.

"तालीम तुमच्या घरी!"

एमिल आमचा जुना कॅमेरामन. त्याने फुलं पाहिली आणि निमूट कॅमेरा चालू केला.

बाईंनी आवाज जराही चढवला नाही. "ते हात मी ओळखते, साहेब. जेवायच्या आधी मीच धुवायचे." एवढं बोलल्या, गुच्छ मुठीत तसाच धरून. दिव्यांच्या मागे मी हमसून हमसून रडत होते.

प्रसंग संपताच त्यांनी गुच्छ निर्मात्याच्या छातीवर आपटला. "घ्या! आता काढा मला!"

तो नांत गावचा माणूस, सार्डिन माशांच्या डब्यांवर पैसा केलेला, आमच्या धंद्यात अगदी नवखा. त्याचा चेहरा बघण्यासारखा झाला. "काढू? तुम्हाला? अहो, आज तुमचा मोठा दिवस म्हणून धाडली. माझ्या आईला फार आवडतात!"

सगळा सेट खो खो हसला. मी तर त्याला चांगलंच झापलं. दिग्दर्शक डोळे पुसत म्हणाला, "आता पुन्हा घ्यायला नको. झालं काम."

बाई तेवढ्या हसल्या नाहीत. खुर्चीवर बसल्या आणि हळूच म्हणाल्या, "जिल्बेर्त, लियोंचा तो दारूवालाही धंद्यात नवाच होता गं."

 

 मग खाली पडलेल्यातलं एक धड फूल उचलून त्यांनी झग्याला खोचलं आणि उठल्या.

"पुन्हा घ्या," दिग्दर्शकाला म्हणाल्या. "मघाशी मी चिडले होते. आई चिडलेली नसते."

पडद्यावर दिसतं ते हे दुसऱ्यांदा घेतलेलं. झग्यावरचं फूल गुलाबाचं नाही, नीट बघा.