गोलातली गाडी

तुमची गाडी आत्ता कुठं उभी आहे? विचारायचं कारण म्हणजे आमच्या कॉलेजच्या मैदानावर रोज संध्याकाळी चहाच्या गाड्यापाशी भेटणारे एक काका.

शंभर वर्षांपूर्वी कॉलेजच्या अनवाणी फुटबॉल संघानं गोऱ्या पलटणीला हरवलं, तो सगळा हंगाम काका कपबशा मांडून समजावतात. त्यांचे आजोबा त्या संघाचे गोलकीपर. "आज्जानं गोलात माशी शिरू दिली न्हाय," म्हणत ते दोन कपांच्या मधे बशी आडवी धरतात. मलाही ते रोज ऐकावंसं वाटतं.

पण त्याच गोलात, झाडाच्या सावलीला, काकांची मोटार असते. तिच्या मागं इतरांच्या गाड्यांची रांग. आजचा संघ उरलेल्या कोपऱ्यात सराव करतो.

"काका, गाडी बाहेर लावा की."

"उन्हात रंग उडतोय रं तिचा."

काल चेंडू तिच्या काचेवर आदळला. काकांनी तो उचलून डिकीत टाकला, कुलूप लावलं आणि परत येऊन कपबशी सरकवली. "कुठं आलतो आपण? व्हय, फायनल."

सराव तिथंच थांबला.

आज मैदानावर याल तेव्हा गाडी फाटकाबाहेर लावा. आणि आत येऊन काकांकडं तो चेंडू मागा. माझं ते ऐकत नाहीत.